व्हिडिओ गेमच्या ‘सेव्ह फाईल्स’चे सुरक्षित डाऊनलोड : तांत्रिक व कायदेशीर विवेचन

बीजसंज्ञा : सेव्ह फाईल, कन्सोल, मेमरी कार्ड, पेन ड्राइव्ह, अंकीय स्वाक्षरी, माहिती तंत्रज्ञान कायदा

प्रस्तावना

व्हिडिओ गेमसारखा विषय महाविद्यालयीन संशोधन-पत्रिकेत का यावा, असा प्रश्न काही प्राध्यापकांच्या मनात उद्भवणे स्वाभाविक आहे. विद्यार्थी घरी कोणता खेळ खेळतो, हा त्याचा खासगी प्रश्न होय. परंतु त्या खेळाशी संबंधित फाईल ज्या वाटेने घरातल्या कन्सोलपर्यंत पोहोचते, ती वाट पुष्कळदा आपल्या संगणककक्षातून जाते. जुना कन्सोल दूरचित्रवाणी संचाला जोडलेला असतो, इंटरनेटला नव्हे. अनेक घरांत मोबाईल आहे, पण संगणक नाही. तेव्हा फाईल उतरवून घ्यायची ती महाविद्यालयात, न्यायची ती पेन ड्राइव्हवर, आणि तोच पेन ड्राइव्ह दुसऱ्या दिवशी प्रात्यक्षिक वहीच्या मुद्रणासाठी, कधी कधी तर थेट कार्यालयातील संगणकाला लागतो. अंतर्गत गुणांच्या याद्या ज्या संगणकावर असतात, त्याच संगणकाला. प्रस्तुत लेखाचा विषय या अर्थाने खेळापुरता मर्यादित नाही.

कोल्हापूरसारख्या शहरात या फाईलींची गरज का निर्माण झाली, हेही पाहिले पाहिजे. खेळाची प्रगती जतन होत असतानाच वीज गेली तर मेमरी कार्डावरील नोंद अर्धवट राहते आणि कित्येक आठवड्यांचा खेळ नाहीसा होतो. चालू शतकाच्या पहिल्या दशकात महाराष्ट्राने जे भारनियमन सोसले, त्यात हा अनुभव दुर्मीळ नव्हता. पुढे ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ या दोन महापुरांत पंचगंगेने राजाराम बंधाऱ्यावरील ४३ फुटांची धोक्याची पातळी कितीतरी मागे टाकली. दोन्ही वेळी पाणी ५५ फुटांच्या वर गेले. ज्या घरांत पाणी शिरले, तेथे सर्वांत आधी धान्य, कागदपत्रे व गाद्या उचलल्या गेल्या. कन्सोल आणि त्यातील नोंदी यांचा विचार कोण करणार? खेळ पुन्हा मिळतो, यंत्रही पुन्हा मिळते. गेलेली प्रगती मात्र बाजारात मिळत नाही. मग कोणा अनोळखी खेळाडूने जतन केलेली, त्याच टप्प्यावरची फाईल इंटरनेटवर शोधली जाते. ती घेणे सुरक्षित आहे काय, आणि असल्यास कोणत्या मर्यादेत, याचे विवेचन येथे करावयाचे आहे.

सेव्ह फाईलचे स्वरूप

खेळ थांबवताना खेळाडू कोठे होता, त्याच्याजवळ काय होते, कोणते टप्पे पार झाले होते, या सर्वांची आकड्यांतील नोंद म्हणजे सेव्ह फाईल होय. प्रारंभीच्या खेळांत अशी नोंद ठेवण्याची सोयच नव्हती. काही खेळ टप्प्याच्या शेवटी एक लांबलचक सांकेतिक शब्द दाखवीत आणि खेळाडू तो वहीत उतरवून घेई. एका अर्थाने ती वहीच सेव्ह फाईल होती. निन्तेन्दो कंपनीच्या ‘द लेजेंड ऑफ झेल्डा’ या खेळाच्या १९८७ मधील अमेरिकी आवृत्तीत कॅसेटच्या आतच छोटी बॅटरी बसवून नोंद टिकवण्याची सोय केली गेली. बॅटरी संपली की नोंदही संपे.

या नोंदीला खेळापासून वेगळे, खिशात घालून नेता येईल असे रूप दिले ते मेमरी कार्डाने. सोनीचा पहिला प्लेस्टेशन डिसेंबर १९९४ मध्ये जपानमध्ये विक्रीस आला. त्याच्या कार्डाची क्षमता होती केवळ १२८ किलोबाईट. ती १६ भागांत विभागलेली असून एक भाग अनुक्रमणिकेसाठी राखीव, आणि उरलेले १५ भाग खेळाडूला वापरता येत. २००० मध्ये आलेल्या प्लेस्टेशन २ च्या कार्डाची क्षमता ८ मेगाबाईट झाली. हे आकडे येथे मुद्दाम दिले आहेत. पुढे फाईल तपासताना त्यांचाच उपयोग होणार आहे.

कार्ड खिशात आले, तशी मित्रामित्रांत देवाणघेवाण सुरू झाली. नंतर कार्ड संगणकाला जोडणारी उपकरणे बाजारात आली आणि ज्या नोंदी एका गल्लीपुरत्या फिरत होत्या, त्या जगभर फिरू लागल्या. आपल्या ओळखीच्या माणसाकडून वस्तू घेण्याची जी सवय होती, ती अनोळखी माणसाला लागू झाली. सावधगिरी मात्र पूर्वीइतकीच राहिली. प्रश्नाचे मूळ येथे आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

नोंद आज्ञा केव्हा बनते?

संगणक-साक्षरतेच्या वर्गांत आपण विद्यार्थ्यांना एक ढोबळ नियम शिकवतो. काही फाईल्स ‘चालतात’, म्हणजे त्या प्रोग्राम असतात. त्यांपासून सावध राहावे. काही फाईल्स केवळ ‘माहिती’ असतात, त्या निरुपद्रवी. सेव्ह फाईल दुसऱ्या गटातली, म्हणून ती घेण्यास हरकत नाही, असा निष्कर्ष विद्यार्थी यावरून काढतो. नियम सोपा आहे, परंतु तो अपुरा आहे.

शिवाजी उद्यमनगरातील किंवा शिरोली येथील औद्योगिक वसाहतीतील एखाद्या सीएनसी यंत्रचालकाला हे समजावून सांगण्याची गरज पडत नाही. त्याच्या यंत्रासाठी येणारा जी-कोड म्हणजे अक्षरे व आकडे यांच्या ओळी असलेली साधी मजकुराची फाईल. नोटपॅडमध्ये ती उघडली तर काहीही घडत नाही. तीच फाईल यंत्रात भरली की हत्यार हलू लागते, आणि दशांश चिन्ह एका घराने सरकलेले असेल तर ते हत्यार थेट चकवर आदळते. म्हणूनच बाहेरून आलेला प्रोग्राम तो आधी हत्यार वर उचलून, कच्चा माल न लावता चालवून पाहतो. यास तेथे ‘ड्राय रन’ म्हणतात. मग एकेक ओळ स्वतंत्रपणे चालवतो. त्याच्या दृष्टीने फाईल निरुपद्रवी आहे की नाही, हे फाईलवर ठरत नाही. ती वाचणाऱ्या यंत्रावर ठरते.

सेव्ह फाईलच्या बाबतीतही हेच खरे आहे. तिच्यातील आकडे खेळाचा प्रोग्राम वाचतो. तो प्रोग्राम लिहिताना जर असे गृहीत धरले असेल की ही फाईल मीच लिहिली आहे, तेव्हा ती योग्यच असणार, तर दुसऱ्याने लिहिलेली फाईल त्याला फसवू शकते. हे कसे घडते ते आपल्या परिचयाच्या उदाहरणाने पाहू. परीक्षा अर्जात नावासाठी वीस चौकटी आहेत आणि त्यांच्या लगेच पुढे शुल्काची रक्कम लिहिण्याच्या चौकटी आहेत. एखाद्याने चौकटी न मोजता तीस अक्षरांचे नाव लिहिले, तर शेवटची दहा अक्षरे रकमेच्या चौकटींत जातील. माणूस असलेला लिपिक ते पाहून थांबेल. यंत्र थांबत नाही. ते त्या अक्षरांना रक्कम समजून पुढे जाते. संगणकाच्या स्मृतीत नावाच्या जागेपुढे पुढील आज्ञेचा पत्ता ठेवलेला असेल, तर लांबलेल्या नावाच्या शेवटी हवा तो पत्ता लिहून यंत्राला हव्या त्या आज्ञेकडे वळवता येते.

ही निव्वळ कल्पना नाही. निन्तेन्दो वी या कन्सोलवरील ‘ट्वायलाइट प्रिन्सेस’ या खेळात नायकाच्या घोड्याला खेळाडू स्वतः नाव देतो. २००८ मध्ये काही तंत्रज्ञांनी अशी सेव्ह फाईल तयार केली की तीत घोड्याचे नाव ठरलेल्या मर्यादेपेक्षा लांब होते आणि त्या लांबीच्या आड प्रोग्राम दडवलेला होता. फाईल एसडी कार्डावरून कन्सोलमध्ये घ्यायची, खेळ सुरू करायचा, ते नाव जेथे वाचले जाते तेथवर जायचे, की कन्सोल निन्तेन्दोची परवानगी नसलेला प्रोग्राम चालवू लागे. कंपनीने जून २००८ पासून एकामागून एक सुधारित आवृत्त्या काढून हा मार्ग बंद करण्याचा प्रयत्न केला. त्यापूर्वी, २००३ मध्ये, मायक्रोसॉफ्टच्या पहिल्या एक्सबॉक्सवर ‘एजंट अंडर फायर’, ‘मेकअसॉल्ट’ अशा खेळांच्या सेव्ह फाईल्स याच रीतीने वापरून त्यावर लिनक्स प्रणाली चालवण्यात आली होती. त्याच वर्षी प्लेस्टेशन २ च्या मेमरी कार्डावरील एका छोट्या फाईलमधूनही असाच शिरकाव साधला गेला.

येथे एक बाब स्पष्ट केली पाहिजे. वरील सर्व प्रयोग कन्सोलच्या मालकांनी जाणूनबुजून, स्वतःच्याच यंत्रावर करण्यासाठी प्रसिद्ध केले होते. त्यांत कोणाची फसवणूक नव्हती. अनभिज्ञ खेळाडूला लुबाडण्यासाठी खुद्द सेव्ह फाईलचा वापर होणे ही विरळा गोष्ट आहे. तरीही हे प्रयोग महत्त्वाचे ठरतात, कारण ‘ही तर नुसती माहिती आहे’ हा आपला युक्तिवाद त्यांनी कायमचा मोडीत काढला.

वीच्या उदाहरणातील आणखी एक तपशील प्राध्यापकांनी वर्गात सांगण्याजोगा आहे. त्या कन्सोलमध्ये सेव्ह फाईलवर अंकीय स्वाक्षरी असे आणि ती तपासलीही जात असे. तथापि स्वाक्षरीने एवढेच सिद्ध होते की फाईल अमुक किल्लीने शिक्कामोर्तब झालेली आहे आणि वाटेत बदललेली नाही. आतील मजकूर निर्धोक आहे, असे ती सांगत नाही. आपण ‘सत्यप्रत’ असा शिक्का मारतो तेव्हा झेरॉक्स मूळ कागदाबरहुकूम आहे एवढेच आपण म्हणत असतो. मूळ कागदातील विधान खरे आहे याची हमी आपण देत नसतो. या दोहोंची गल्लत फार सुशिक्षित माणसेही करतात.

खरा धोका वेष्टनात

सेव्ह फाईल धोकादायक असू शकते हे मान्य केले, तरी प्रत्यक्षात नुकसान होते ते बहुतेक वेळा फाईलमुळे नव्हे, तर ती ज्या वेष्टनात येते त्यामुळे. डाऊनलोड करणाऱ्याच्या हाती थेट सेव्ह फाईल क्वचितच लागते. त्याला मिळते ते झिप किंवा रार स्वरूपातील गाठोडे. त्यात ‘आधी हे चालवा’ अशी सूचना. कधी फाईलचे रूपांतर करणारा प्रोग्राम. कन्सोलला विषाणू लागण्याआधी संगणकाला लागतो, असे यासंबंधी थोडक्यात म्हणता येईल.

ऑक्टोबर २००५ मधील एक घटना या दृष्टीने बोलकी आहे. सोनीच्या पीएसपी या हातात धरून खेळावयाच्या यंत्रासाठी, त्यातील प्रणालीची जुनी आवृत्ती परत आणणारे साधन म्हणून एक प्रोग्राम पसरवण्यात आला. प्रत्यक्षात तो यंत्राच्या आवश्यक फाईल्स पुसून टाकी आणि यंत्र पुन्हा कधीही सुरू होत नसे. सिमँटेक कंपनीने त्यास ‘पीएसपीब्रिक’ असे नाव दिले. यंत्राची वीट झाली, हा त्याचा सरळ अर्थ. त्याच महिन्यात निन्तेन्दो डीएससाठीही तसाच प्रोग्राम आढळला. दोन्ही ठिकाणी यंत्राचे कुलूप कोणी बाहेरून फोडले नव्हते. मालकाने स्वतःच्या हाताने दार उघडले होते, कारण त्याला काहीतरी फुकट आणि लवकर हवे होते. संगणकावरील ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ५’ या खेळाच्या चाहत्यांनीही मे २०१५ मध्ये हे अनुभवले. खेळात भर घालणाऱ्या दोन लोकप्रिय पुरवण्यांत, टंकलेला मजकूर गुपचूप नोंदवणारा प्रोग्राम दडवलेला सापडला. लोकप्रियता ही सुरक्षिततेची खूण नव्हे.

गाठोडे सोडणारी साधनेही निर्दोष नसतात. आपल्याकडे सरसकट वापरात असलेल्या विनरारमध्ये २०१९ साली असा दोष उघड झाला की जो सुमारे एकोणीस वर्षे त्यात पडून होता. २०२३ मध्ये दुसरा दोष आढळला. गाठोड्यातील एखाद्या चित्रावर टिचकी मारली असता चित्राऐवजी त्याच नावाच्या फोल्डरमधील प्रोग्राम चालू होई. ऑगस्ट २०२३ च्या ६.२३ या आवृत्तीत तो दूर करण्यात आला. ज्या संगणककक्षांत विनरारची कित्येक वर्षांपूर्वीची प्रत ‘चालते आहे’ म्हणून तशीच ठेवलेली असते, त्यांनी ही आवृत्ती-संख्या एकदा तपासून पाहावी.

पासवर्ड लावलेल्या गाठोड्याविषयी स्वतंत्र उल्लेख आवश्यक आहे. पासवर्ड शेजारीच लिहून दिलेला असतो, त्यामुळे तो गुप्ततेसाठी नाही हे उघड आहे. मग तो कशासाठी? विषाणूरोधक प्रणालीला गाठोड्याच्या आत डोकावता येऊ नये, हेच त्याचे बहुधा प्रयोजन असते. काही किलोबाईटच्या सेव्ह फाईलला पासवर्ड लावलेला दिसला तर ती तेथेच सोडून द्यावी.

उरला पेन ड्राइव्ह. विंडोज एक्सपीच्या काळात पेन ड्राइव्ह लावताच त्यातील प्रोग्राम आपोआप सुरू होई. विंडोज ७ मध्ये ही सोय काढली गेली आणि फेब्रुवारी २०११ मध्ये मायक्रोसॉफ्टने जुन्या आवृत्त्यांतही ती बंद करणारी सुधारणा सर्वत्र पाठवली. त्यानंतर आपल्या प्रयोगशाळांना पिडले ते ज्यास विद्यार्थी ‘शॉर्टकट व्हायरस’ म्हणतात त्याने. मूळ फोल्डर लपवून त्याच नावाचा शॉर्टकट तो ठेवतो, आणि विद्यार्थी स्वतःच त्यावर टिचकी मारतो. फाईल-नावाचा विस्तार लपवण्याची विंडोजची मूळ रचना त्याला साहाय्यभूत होते. संगणककक्षातील सर्व यंत्रांवर विस्तार दिसेल अशी मांडणी करणे हे दोन मिनिटांचे काम आहे. ते आपण का करत नाही, हे कळत नाही.

फाईल तपासण्याची रीत

आता प्रत्यक्ष तपासणीकडे वळू. तिच्यासाठी कोणतीही महागडी प्रणाली लागत नाही. वर दिलेले आकडेच बरेच काम करतात. पहिल्या प्लेस्टेशनच्या संपूर्ण मेमरी कार्डाची हुबेहूब प्रत नेमकी १,३१,०७२ बाईट भरते. एक कमी नाही, एक जास्त नाही. एका भागाची स्वतंत्र सेव्ह फाईल ‘एमसीएस’ या प्रकारात असेल तर ती ८,१९२ अधिक १२८, म्हणजे ८,३२० बाईट असते. प्लेस्टेशन २ चे सगळे कार्डच ८ मेगाबाईटचे आहे. तेव्हा त्याची एकच सेव्ह म्हणून कोणी ४० मेगाबाईटचा ऐवज देत असेल, तर त्यात दुसरेच काही भरले आहे हे गणितानेच सिद्ध होते.

दुसरी खूण फाईलच्या प्रारंभीच्या अक्षरांत सापडते. फाईल टिचकी मारून न उघडता, हेक्स एडिटर या साध्या साधनात तिचे पहिले काही बाईट पाहावेत. पहिल्या प्लेस्टेशनच्या कार्डाची प्रत ‘एम’ व ‘सी’ या रोमन अक्षरांनी सुरू होते आणि त्यातील प्रत्येक सेव्ह ‘एस’ व ‘सी’ या अक्षरांनी. प्लेस्टेशन २ साठी शार्कपोर्ट या साधनाने तयार केलेल्या फाईलच्या प्रारंभी त्या साधनाचेच नाव वाचता येते. याउलट पहिली दोन अक्षरे ‘एम’ व ‘झेड’ असतील, तर नाव काहीही असो, ती विंडोजवर चालणारी प्रोग्राम-फाईल आहे. सोंग घेणाऱ्याला नाव बदलता येते, विस्तार बदलता येतो; पण चालायचे असेल तर ही दोन अक्षरे त्याला बदलता येत नाहीत.

अनेक विषाणूरोधकांकडून एकाच वेळी तपासणी करून देणाऱ्या व्हायरसटोटलसारख्या सेवेचाही उपयोग करावा. मात्र तेथे चढवलेली फाईल इतर संशोधकांना उपलब्ध होऊ शकते. सेव्ह फाईलच्या बाबतीत त्याने काही बिघडत नाही. परंतु हीच सवय लागून कोणी प्रश्नपत्रिकेची किंवा विद्यार्थ्यांच्या यादीची फाईल तेथे चढवली तर अनर्थ ओढवेल. संकेतस्थळावर फाईलशेजारी दिलेल्या हॅश आकड्याविषयीही भाबडेपणा नको. फाईल आणि हॅश दोन्ही एकाच हाताने ठेवलेले असतील, तर त्याने डाऊनलोड पूर्ण झाले एवढेच कळते.

अनेकांचा गोंधळ उडतो तो विभागाच्या भेदामुळे. भारतात पाल पद्धतीचे दूरचित्रवाणी संच असल्याने येथे अधिकृतपणे विकले गेलेले प्लेस्टेशन २ चे खेळ त्या पद्धतीचे होते. अमेरिकी तबकडीवर तयार झालेली सेव्ह वेगळ्या संकेतांकाने नोंदलेली असते. पाल तबकडी तिला ओळखत नाही. फाईल निर्दोष असूनही चालत नाही, आणि मग विद्यार्थी ती ‘बदलून देणारा’ प्रोग्राम शोधू लागतो. अपघात नेमका या दुसऱ्या शोधात होतो. तेव्हा प्रारंभीच तबकडीवरील संकेतांक पाहून त्याच संकेतांकाची फाईल घेणे अधिक शहाणपणाचे.

शेवटी ड्राय रन. आपले मूळ मेमरी कार्ड काढून बाजूला ठेवावे, रिकाम्या कार्डावर नवी फाईल घ्यावी, ती उघडून काही काळ खेळून पाहावी आणि मगच पुढे जावे. दुसरे कार्ड विकत घेण्याचा खर्च गेलेल्या नोंदीच्या तुलनेत क्षुल्लक आहे.

नवीन कन्सोल

वरील सर्व रीत जुन्या कन्सोलपुरती आहे. नव्या पिढीत कंपन्यांनी हा मार्गच बंद केला आहे. प्लेस्टेशन ४ वरून सेव्ह फाईल पेन ड्राइव्हवर घेता येते, पण ती कूटबद्ध असते आणि खेळाडूच्या खात्याशी बांधलेली असते. भारतात फेब्रुवारी २०२१ मध्ये आलेल्या प्लेस्टेशन ५ च्या स्वतःच्या खेळांच्या सेव्ह फाईल्स पेन ड्राइव्हवर घेताच येत नाहीत. निन्तेन्दो स्विचमध्ये त्या यंत्राच्या अंतर्गत स्मृतीतच राहतात. एक्सबॉक्स त्या आपोआप कंपनीच्या सर्व्हरवर ठेवतो. म्हणून या यंत्रांसाठी ‘तयार सेव्ह फाईल’ देऊ करणारा माणूस एकतर यंत्राची सुरक्षा मोडायला सांगतो किंवा खात्याचा पासवर्ड मागतो. खात्याला बँकेचे कार्ड जोडलेले असते, हे पालकांच्या बहुधा ध्यानी नसते.

कायद्याची बाजू

सेव्ह फाईलचा मालक कोण, हा प्रश्न वरवर बालिश वाटला तरी एका देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने तो विचारात घेतला आहे. कोनामी कंपनीच्या ‘तोकिमेकी मेमोरियल’ या खेळात खेळाडू शालेय विद्यार्थ्याची भूमिका घेतो आणि अभ्यास, खेळ, वागणूक यांत हळूहळू गुण मिळवत जातो. त्या गुणांवर कथेचा शेवट ठरतो. सर्व गुण आधीच भरपूर भरलेले मेमरी कार्ड एका कंपनीने आयात करून विकले. १३ फेब्रुवारी २००१ रोजी जपानच्या सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की अशा कार्डामुळे लेखकाने योजलेल्या मर्यादेबाहेर कथेचा विकास होतो आणि त्यामुळे कृतीची अखंडता राखण्याच्या लेखकाच्या अधिकाराचा भंग होतो. पुढे २०१८ मध्ये त्या देशाने अनुचित स्पर्धाविषयक कायद्यात दुरुस्ती करून सेव्ह माहितीत फेरफार करणारी साधने व सेवा विकणे कायद्याच्या कक्षेत आणले. फेरफार केलेल्या सेव्ह विकल्याबद्दल २०२१ मध्ये तेथे अटकही झाली.

भारतात असा निर्णय झाल्यास तो कोणत्या आधारावर होईल? आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५७ लेखकाला कृतीचे विरूपण रोखण्याचा अधिकार देते. दिल्ली उच्च न्यायालयाने २००५ मध्ये अमरनाथ सहगल यांच्या भित्तिशिल्पाच्या खटल्यात या कलमाचा व्यापक अर्थ लावला. मात्र विरूपणाने लेखकाच्या प्रतिष्ठेस किंवा लौकिकास बाधा येणे या कलमास अभिप्रेत आहे. घरी बसून एखाद्याने दुसऱ्याची सेव्ह वापरली, तर खेळाच्या निर्मात्याचा लौकिक कमी होतो असे म्हणणे ओढूनताणून होईल, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. विक्रीच्या हेतूने फेरफार करणाऱ्याची गोष्ट निराळी. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५-अ कॉपीराइटचा भंग करण्याच्या हेतूने तांत्रिक संरक्षण मोडणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कारावास सांगते. त्यात ‘हेतू’ हा शब्द निर्णायक आहे.

महाविद्यालयाच्या दृष्टीने अधिक निकटचा आहे तो २००० चा माहिती तंत्रज्ञान कायदा. संगणकाच्या मालकाच्या परवानगीविना त्यात विषाणू घालणे किंवा घालण्यास कारणीभूत होणे हे कलम ४३ नुसार भरपाईस पात्र कृत्य आहे. तेच अप्रामाणिकपणे वा कपटाने केले असल्यास कलम ६६ खाली तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा पाच लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही होऊ शकते. खेळाची फाईल उतरवून घेणाऱ्या विद्यार्थ्याचा हेतू कपटाचा नसतो. त्यामुळे त्याला गुन्हेगार ठरवण्याची घाई करू नये. परंतु भरपाईचा प्रश्न हेतूवर अवलंबून राहत नाही, हे विद्यार्थ्यांना प्रवेशाच्या वेळीच सांगितलेले बरे.

संगणककक्षापुरती व्यवस्था

बंदीचा फलक लावून हा प्रश्न सुटत नाही. फलक लागला की पेन ड्राइव्ह खिशातून निघतो तो शिक्षक वळल्यानंतर, आणि मग जे होते ते कोणालाच कळत नाही. त्यापेक्षा कक्षातील एक जुना संगणक महाविद्यालयाच्या अंतर्गत जाळ्यापासून तोडून बाहेरच्या पेन ड्राइव्हसाठी राखून ठेवावा. कोणतीही बाहेरची फाईल आधी तेथे तपासली जाईल, मग ती खेळाची असो वा प्रकल्प-अहवालाची. विद्यार्थ्यांच्या खात्यांना नवीन प्रोग्राम बसवण्याचा अधिकार असू नये. कार्यालयातील व परीक्षा विभागातील संगणकांना विद्यार्थ्यांचे पेन ड्राइव्ह कोणत्याही कारणाने लावू नयेत. प्रश्नपत्रिका आता संगणकावर उतरवून घेऊन छापल्या जात असल्याने ही बाब पूर्वीपेक्षा अधिक गंभीर झाली आहे. विषाणू शिरल्याचा संशय आल्यास भारत सरकारच्या सायबर स्वच्छता केंद्राची, फेब्रुवारी २०१७ पासून उपलब्ध असलेली, मोफत साधने वापरावीत. विद्यार्थ्याच्या खात्यातून पैसे गेले असतील तर १९३० या क्रमांकावर तत्काळ तक्रार नोंदवावी. येथे तासांचाही उशीर महाग पडतो.

ज्याच्याजवळ जुना कन्सोल आहे, अशा विद्यार्थ्याला आणखी एक गोष्ट सुचवता येईल. दुसऱ्याची सेव्ह शोधण्याची पाळी येण्याआधी आपल्या कार्डाची प्रत काढून ठेवावी. पहिल्या प्लेस्टेशनचे पूर्ण कार्ड एखाद्या छायाचित्राहूनही कमी जागा घेते. तशी डझनभर कार्डे ई-मेलने स्वतःलाच पाठवून ठेवता येतात. घराच्या ज्या कपाटात कन्सोल आहे त्याच कपाटात ठेवलेल्या प्रतीचा मात्र उपयोग नाही; २०१९ च्या ऑगस्टमध्ये ज्यांच्या तळमजल्यावर पाणी आले, त्यांच्या मूळ वस्तू आणि प्रती एकाच वेळी भिजल्या.